काठावरच्यांचा शब्द

आज मी आपणांशी एका इंग्रजी विशेषणाविषयी बोलणार आहे. हे विशेषण कथा-कादंबऱ्यांत फारसे आढळत नाही, शाळेत ते कोणी शिकवीत नाही, आणि चांगले इंग्रजी जाणणाऱ्या गृहस्थांनाही ते वाचताना कोशाकडे हात न्यावा लागतो. तरीसुद्धा ते एखाद्या दिवशी, काहीएक सूचना न देता, साध्या शेतकऱ्याच्या दारात येऊन उभे राहते. हा शब्द आहे 'रायपेरियन'. काहीजण त्याचा उच्चार 'रिपेरियन' असा करतात. दोन्ही उच्चार कोशांना मान्य आहेत, तेव्हा त्यावरून कोणी कोणाला हसण्याचे कारण नाही.

माझी आणि या शब्दाची गाठ पडली ती बालाघाट जिल्ह्यातील राजेगावच्या परिसरातील एका शेतकऱ्यामुळे. गोंदियाहून बालाघाटकडे निघाले, रावणवाडी मागे टाकली, की बाघ नदी आडवी येते. नदीच्या अलीकडे महाराष्ट्र, पलीकडे मध्य प्रदेश; आणि पलीकडे पाऊल टाकताच लागणारे गाव ते राजेगाव. या गृहस्थांना नदीचे पाणी पाइपाने आपल्या शेतात न्यावयाचे होते. कोणा ओळखीच्याने त्यांना इंग्रजीत अर्ज लिहून दिला. तो अर्ज एका कचेरीतून परत आला, आणि त्यावर शेरा होता तो असा की, अर्जदार 'रायपेरियन' नाही. त्यांनी शब्दाचा अर्थ गावातील एका विद्यार्थ्याला विचारला. विद्यार्थ्याने कोश पाहून सांगितले, "नदीकाठचा."

"भाऊ," ते मला म्हणाले, "आमचं गाव नदीच्या काठावर. पूर आला का पाणी आमच्या अंगणात. अन् कागदात लिवलं, का मी काठावरचा नाही. मंग मी आहो तरी कुठचा?"

प्रश्न बिनतोड होता. कोशातला अर्थ चूक नव्हता. शेरा मारणाऱ्यानेही शब्द चुकीचा वापरला नव्हता. तरी दोहोंच्या मध्ये एक माणूस कोरडाच राहिला होता. त्यांचे घर काठावरच्या गावात. पण शेत मात्र नदीपासून एक शेत सोडून. मध्ये दुसऱ्याच्या मालकीची एक चिंचोळी पट्टी. 'नदीकाठचा' या मराठी शब्दाला ती पट्टी दिसत नाही. 'रायपेरियन' या शब्दाला त्या पट्टीखेरीज दुसरे काही दिसत नाही.

आता हा शब्द आला कोठून ते पाहू. लॅटिन भाषेत 'रिपा' म्हणजे नदीचा काठ. त्यापासून 'काठासंबंधीचा' या अर्थाचे विशेषण झाले आणि एकोणिसाव्या शतकात इंग्लंड-अमेरिकेतील न्यायालयांच्या भाषेत ते रुळले. म्हणजे ज्या वयात इतर शब्द कवींच्या मांडीवर खेळत असतात, त्या वयात हा शब्द वकिलांच्या टेबलावर बसला होता, आणि त्याच्या अंगाला तो वास अजून आहे. पण त्याची भावंडे मात्र घरोघर नांदतात. 'रिव्हर' हा शब्द कोणाला ठाऊक नाही? तोही याच 'रिपा'पासून आलेला आहे. मौज अशी की, इंग्रजीने नदीला नाव दिले ते पाण्यावरून नव्हे, काठावरून. 'अराइव्ह', म्हणजे येऊन पोहोचणे, याचाही मूळ अर्थ 'काठाला लागणे' असाच. आज आगगाडी फलाटावर येते तेव्हा ती भाषेच्या हिशेबाने काठाला लागत असते.

याच्या शेजारचा, पण वेगळ्या मुळाचा एक शब्द आहे 'रायव्हल'. लॅटिनमधील 'रिव्हस' म्हणजे ओहोळ, पाट. एकाच पाटातून पाणी घेणारे शेजारी ते 'रिव्हालेस'. रोमन कायद्याच्या ग्रंथांत हा शब्द याच अर्थाने येतो, आणि तोही पाण्यावरून वाद झाला तर काय करावे हे सांगताना. एका पाटावरचे शेजारी म्हणजे भागीदार. आणि भागीदार म्हणजे कालांतराने प्रतिस्पर्धी. शेक्सपिअरच्या 'हॅम्लेट' नाटकाच्या आरंभीच पहाऱ्यावरील सोबत्यांना हा शब्द 'जोडीदार' या अर्थाने लावलेला आहे. आजचा वाचक तेथे अडखळतो. भाषेने येथे मनुष्यस्वभावाची नोंद फार प्रामाणिकपणे करून ठेवली आहे. ज्यांच्या धुऱ्याला धुरा लागून आहे अशा आपल्या शेतकऱ्यांना ती निराळी समजावून सांगावी लागणार नाही.

आपल्या भाषेतही काठ काही कमी बोलका नाही. संस्कृतात 'कूल' म्हणजे काठ. त्यावरून 'अनुकूल', म्हणजे काठाच्या कलाने जाणारा, आणि 'प्रतिकूल', म्हणजे त्याच्या उलट. आपण दिवसातून दहादा 'परिस्थिती अनुकूल नाही' म्हणतो तेव्हा आपल्या मनात नदी नसते. पण शब्दात ती आहे. 'पारंगत' म्हणजे पलीकडच्या काठाला पोहोचलेला. मराठीत 'थड' आणि 'थडी' हे फार जुने आणि गोड शब्द. गोदावरीकाठचा मुलूख तो गंगथडी. भीमेकाठचा तो भीमथडी. ज्यांच्या पाठीवर मराठ्यांची फौज फिरली त्या भीमथडी तट्टांचा हा मुलूख, आणि इंग्रजी अमदानीत पुणे जिल्ह्यातील एका तालुक्याचेही हेच नाव होते. आणि राजेगावपासून फार दूर जावयास नको. याच बालाघाट जिल्ह्याच्या दुसऱ्या अंगाला, भंडाऱ्याच्या सीमेवरून वाहणाऱ्या नदीचे नाव बावनथडी. एका नदीच्या नावात इतक्या थड्या घालणाऱ्या लोकांना काठाचे महत्त्व कोशातून शिकण्याची गरज नव्हती.

पण या सगळ्या शब्दांत मला सर्वांत विचार करावयास लावणारा शब्द वाटतो तो 'तटस्थ'. तटावर उभा असलेला तो तटस्थ. पाण्यात दोघे झुंजत आहेत आणि हा काठावर उभा राहून पाहत आहे. त्याचा कोणत्याच बाजूशी संबंध नाही. असा त्या शब्दाचा भाव. इंग्रजीतील 'रायपेरियन'चा शब्दशः अर्थही जवळजवळ हाच: काठावर असलेला. परंतु इंग्रजी कायद्याने त्यातून जो अर्थ काढला तो नेमका उलट. काठावर ज्याची जमीन आहे तोच वादातील पक्षकार, तोच बोलण्यास अधिकारी, बाकीचे प्रेक्षक. एका भाषेत काठावरचा माणूस म्हणजे ज्याचे काही जात नाही असा. दुसऱ्या भाषेत काठावरचा माणूस म्हणजे ज्याचे सर्वस्व पाण्याशी बांधले आहे असा. मला विचाराल तर या बाबतीत इंग्रजी शब्द अधिक खरा आहे. पुराच्या रात्री राजेगावात कोणीही तटस्थ राहू शकत नाही.

आता या शब्दाच्या कायद्यातील अर्थाकडे वळू, कारण त्याचे खरे घर तेच. इंग्रजी सामान्य कायद्याचे तत्त्व असे की, ज्याची जमीन नैसर्गिक प्रवाहाला लागून आहे त्याला त्या प्रवाहाचे पाणी वापरण्याचा हक्क जमिनीबरोबरच मिळतो. त्यासाठी वेगळी सनद नको, जुनी वहिवाट सिद्ध करावयास नको. मात्र हा हक्क पाण्याच्या मालकीचा नव्हे, उपयोगाचा. वरच्याने असे वागावे की खालच्याचा प्रवाह अडू नये. हे तत्त्व आपल्याकडे १८८२ च्या सुविधाधिकार अधिनियमात आले. त्याच्या सातव्या कलमाखालील उदाहरणांत असे म्हटले आहे की, नैसर्गिक प्रवाहाला, सरोवराला किंवा तळ्याला लागून असलेल्या जमिनीच्या मालकाला पिण्यासाठी, घरच्या वापरासाठी आणि गुराढोरांसाठी पाणी घेण्याचा हक्क आहे. त्याच जमिनीच्या सिंचनासाठी आणि तिच्यावरील कारखान्यासाठीही हक्क आहे. मात्र तशाच दुसऱ्या मालकांचे मोठे नुकसान होता कामा नये. दुसऱ्या एका उदाहरणात तर प्रवाहाचे प्रमाण, दिशा, जोर आणि तापमान यांत लक्षणीय बदल होऊ नये, इतके बारकाईने सांगितले आहे. नदीच्या पाण्याच्या तापमानाचीही काळजी करणारा कायदा वाचून मला प्रथम हसू आले. पण औष्णिक वीजकेंद्राखालच्या नदीत हात घालून पाहणाऱ्यास हसू येणार नाही.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. हा अधिनियम प्रथम लागू झाला तो मद्रास, कुर्ग आणि मध्य प्रांत येथे. मुंबई इलाख्यात तो १८९१ साली आला. बालाघाट जिल्हा १८६७ साली भंडारा, शिवनी आणि मंडला या जिल्ह्यांचे भाग एकत्र करून निर्माण झाला होता आणि तो मध्य प्रांतात होता. अर्थात पुण्या-साताऱ्याच्या नदीकाठापेक्षा नऊ वर्षे आधी हे तत्त्व वैनगंगेच्या आणि बाघेच्या काठावर कायद्याच्या रूपाने येऊन पोहोचले होते. लॅटिनच्या हिशेबाने बोलायचे तर, काठाला लागले होते.

योगायोग असा की, त्याच १८८२ साली अमेरिकेतील कोलोरॅडो राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने हे तत्त्व झुगारून दिले. तो प्रदेश कोरडा. नदीला लागून असलेली जमीन थोडी आणि नदीपासून दूर असलेली पुष्कळ. एका कालवा कंपनीने एका ओढ्याचे पाणी उचलून दुसऱ्या ओढ्याच्या खोऱ्यात नेले होते. काठावरचे म्हणाले, पाणी आमचे. न्यायालय म्हणाले, ज्याने आधी पाणी वळवून उपयोगात आणले त्याचा हक्क आधी. जमीन काठावर आहे की नाही हा प्रश्न गौण. राजेगावच्या शेतकऱ्याला मी ही गोष्ट सांगितली तेव्हा तो न्यायाधीश आपल्याकडे यावयास हवा होता असे त्यांचे मत पडले. पण त्या तत्त्वातही ग्यानबाची मेख आहे. जो आधी आला तो कायमचा आधी, आणि उशिरा आलेल्याने दुष्काळात त्याच्या तोंडाकडे पाहत बसावे.

खरे पाहिले तर आपल्या शेतकऱ्याची अडचण शब्दाच्या एका बारीक अंगात आहे. 'रायपेरियन' हे विशेषण माणसाला लागत नाही. ते जमिनीला लागते आणि जमिनीतून मालकाकडे जाते. म्हणून काठावर जन्मलेला, काठावर वाढलेला आणि काठावरच्या स्मशानात जाणारा माणूस 'रायपेरियन' नसू शकतो; आणि नागपुरात किंवा मुंबईत बसून काठावरची दोन एकर जमीन विकत घेणारा, ज्याने नदी पावसाळ्यात कधी पाहिलीही नाही, तो मात्र रायपेरियन ठरतो. वैनगंगेच्या काठचे ढिवर पिढ्यान्‌पिढ्या नदीत जाळे टाकीत आले. उन्हाळ्यात पाणी उतरले की उघड्या पडलेल्या वाळूत डांगरवाड्या लावीत आले. त्यांच्या इतका नदीचा माणूस दुसरा कोण? पण जमिनीच्या कागदात त्यांचे नाव काठाच्या चतुःसीमेत नाही, म्हणून हे विशेषण त्यांना लाभत नाही. पुढे एखाद्या धरणाचे पाणी वाळूवर पसरते आणि डांगरवाडी बुडते, तेव्हा बुडालेल्या जमिनीचा मोबदला मिळतो तो जमीनवाल्याला. वाळू कोणाच्या सातबाऱ्यावर नसते.

या भागातील जुन्या महसुली व्यवस्थेला ही उणीव दिसली होती असे म्हणावयास जागा आहे. मध्य प्रांतात 'निस्तार' नावाचा एक शब्द आणि हक्क होता, आणि आजही आहे. गावच्या जंगलातून सरपण, गावच्या कुरणात चराई, गावच्या तळ्यावर गुरांना पाणी हा गावकऱ्याचा निस्तार. तो गावात राहण्यावरून मिळतो. काठाला लागून शेत आहे की नाही हे कोणी विचारीत नाही. 'वाजिब-उल-अर्ज' नावाच्या दप्तरात गावच्या चालीरीती लिहून ठेवीत. मालगुजारी १९५१ साली गेली, पण मध्य प्रदेशाच्या १९५९ च्या भू-राजस्व संहितेने निस्तारपत्रक आणि वाजिब-उल-अर्ज ही दोन्ही ठेवली. पाटाचे पाणी, वाट आणि मासेमारी यांच्या गावच्या रूढी त्यात नोंदवावयाच्या आहेत. त्याच संहितेचे सत्तावन्नावे कलम मात्र साचलेले आणि वाहते असे सर्व पाणी राज्य शासनाच्या मालकीचे असल्याचे सांगते. अलीकडच्या काठावर महाराष्ट्राच्या १९६६ च्या जमीन महसूल संहितेचे विसावे कलम तेच सांगते. थोडक्यात, बाघ नदीच्या दोन्ही काठांवर पाण्याचा धनी सरकार आहे; काठावरच्या मालकाला वापराचा हक्क आहे; आणि गावकऱ्याला रूढी आहे. तीन थरांचा हा हिशेब एका विशेषणात मावत नाही, आणि ज्या कचेरीने तो एका विशेषणात मावविला तिने आपले काम सोपे करून घेतले एवढेच.

इथवर आपण व्यक्तींविषयी बोललो. पण हा शब्द आज वर्तमानपत्रांत दिसतो तो बहुधा राज्यांना आणि राष्ट्रांना लावलेला. 'वरचे रायपेरियन राज्य', 'खालचे रायपेरियन राज्य' असे प्रयोग आपण वाचतो. तेथे विशेषणाचे नामही होऊन बसते. आणि हा भेद समजावून घेण्यासाठी राजेगावसारखी जागा शोधून सापडणार नाही. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली. तोवर नागपूर ही मध्य प्रदेशाची राजधानी होती आणि भंडारा व बालाघाट हे एकाच राज्याचे शेजारी जिल्हे होते. त्या दिवशी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले, बालाघाट मध्य प्रदेशात राहिला, आणि काल जी गावची नदी होती ती राज्यांची सीमा झाली. सोयरिकी काही तुटल्या नाहीत. पोवारी, मराठी, गोंडी आणि हिंदी या बोली दोन्ही काठांवर पूर्वीसारख्याच मिसळत राहिल्या. गोंदियाच्या बाजूला पुष्कळ लोक तिला वाघ नदी म्हणतात, राजेगावच्या बाजूला ती बाघ. पात्र ओलांडताना एक अक्षर बदलते. कायदा मात्र पुष्कळच बदलतो.

आता मौज पाहा. बाघ नदीवरील शिरपूर आणि पुजारीटोला ही धरणे महाराष्ट्रात, राजेगावच्या वरच्या अंगाला आहेत. म्हणजे बाघ नदीपुरते महाराष्ट्र वरचे राज्य आणि मध्य प्रदेश खालचे. परंतु राजेगावच्या खाली थोड्याच अंतरावर, बिरसोल्याच्या संगमावर, बाघ वैनगंगेला मिळते. वैनगंगा उगम पावते ती शिवनी जिल्ह्यातील मुंडारा येथे आणि तिच्यावरील भीमगडचे मोठे धरण, संजय सरोवर, मध्य प्रदेशात आहे. तेथून पाणी सोडले की गोंदिया-भंडाऱ्याच्या काठावर रात्री दवंडी फिरते. म्हणजे वैनगंगेपुरता मध्य प्रदेश वरचा आणि महाराष्ट्र खालचा. एका संगमावर उभे राहून दोन्हीकडे पाहिले तर प्रत्येक राज्य एकाच वेळी देणारेही आहे आणि घेणारेही. पुढे ही वैनगंगा वर्धेला मिळून प्राणहिता होते, प्राणहिता गोदावरीला मिळते, आणि तेथे महाराष्ट्र पुन्हा वरचा होतो. त्यामुळे कोणत्याही राज्याच्या वकिलाने वरच्याचे हक्क फार उंच आवाजात सांगू नयेत. पुढच्या वळणावर त्याचेच बोलणे त्याच्यावर उलटते. गोदावरीच्या पाण्यासाठी १९६९ साली न्यायमूर्ती बचावत यांच्या अध्यक्षतेखाली लवाद नेमला गेला. त्या प्रकरणी राज्यांनी बव्हंशी आपापसांत करार केले आणि लवादाने ते आपल्या निर्णयात सामावून घेतले, यात मला तरी हे शहाणपण दिसते. बाघ प्रकल्पाचे पाणी दोन्ही राज्यांना मिळते आणि बावनथडीवरचा प्रकल्पही दोन्ही राज्यांचा संयुक्त आहे. भांडणे झाली नाहीत असे नव्हे; पण भांडण 'रिव्हालेस'चे, एका पाटावरच्या भागीदारांचे, राहिले.

रायपेरियन नसणाऱ्याचे काय होते याचे सर्वांत गाजलेले उदाहरण नर्मदेचे. राजस्थानातून नर्मदा वाहत नाही. राजस्थानने पाण्याचा वाटा मागितला तेव्हा नर्मदा लवादाने १९७२ साली असे ठरविले की, जे राज्य नदीच्या काठावर नाही त्याला नदीच्या पाण्यावर हक्क सांगता येत नाही. येथे गोष्ट संपावयास हवी होती. पण १९७४ साली मुख्यमंत्र्यांचा समझोता झाला आणि १९७९ सालच्या अंतिम निर्णयात २८ दशलक्ष एकर-फूट पाण्यापैकी राजस्थानला अर्धा दशलक्ष एकर-फूट मिळाले. महाराष्ट्राच्या वाट्याला आले पाव दशलक्ष. सातपुड्यात, आजच्या नंदुरबार जिल्ह्याच्या उत्तर सीमेवर, नर्मदेचा मोठा काठ महाराष्ट्राचा आहे. तेथील पाड्यांनी बुडिताचे दुःख सोसले आहे. काठावरच्याला पाव आणि बिनकाठाच्याला अर्धा. राजस्थानच्या वाळवंटाला पाणी मिळाले याबद्दल कोणी वाईट वाटून घेऊ नये. माझे म्हणणे इतकेच की, जे विशेषण राजस्थानसाठी मोठ्या उदारपणे बाजूला ठेवता आले, ते राजेगावच्या एका शेतकऱ्याच्या पाइपापुढे मात्र भिंतीसारखे उभे राहते.

आंतरराष्ट्रीय कायद्याच्या पंडितांनाही या शब्दाचा अपुरेपणा जाणवला. १९६६ साली हेलसिंकी येथे जे नियम तयार झाले त्यांत त्यांनी काठावरच्या राज्याऐवजी 'खोऱ्यातील राज्य' ही कल्पना पुढे आणली. नदी म्हणजे काठ नव्हे. जेथे पडलेला पाऊस तिच्यात उतरतो ते सारे खोरे म्हणजे नदी, असा तो विचार. आमच्या मराठीला 'खोरे' हा शब्द मुळातच ठाऊक होता, याचा मला थोडा अभिमान वाटतो.

आणखी एका क्षेत्रात हा शब्द अलीकडे फार वावरतो, ते म्हणजे वनस्पतिशास्त्र आणि पर्यावरण. 'रायपेरियन झोन' म्हणजे पाणी आणि कोरडी जमीन यांच्या मधला ओलसर पट्टा. तेथे अर्जुन, जांभूळ, उंबर, करंज, वाळुंज अशी झाडे वाढतात. त्यांची मुळे दरड धरून ठेवतात, सावली पाणी गार ठेवते, पाचोळा माशांच्या अन्नाला कारण होतो. येथे शब्दाने वकिलाचा डगला उतरवून ठेवला आहे, आणि मला तो या वेषात अधिक आवडतो. कारण या अर्थाने काठाची रुंदी मोजणीदाराची साखळी ठरवीत नाही, ओल ठरवते. ओलीला मधली पट्टी कोणाच्या नावावर आहे हे कळत नाही. अभियंते तर तिसऱ्याच रीतीने काठ आखतात. महाराष्ट्रात नद्यांच्या कडेने निळी आणि लाल पूररेषा असते. पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची निळी, शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची लाल. त्या रेषेच्या आत घर असेल तर ते काठावर, मग सातबारा काहीही म्हणो. तेव्हा आमच्या शेतकऱ्याचे शेत वनस्पतिशास्त्राप्रमाणे काठावर, पुराप्रमाणे काठावर, आणि हक्काप्रमाणे मात्र काठापासून एक पट्टी दूर.

या शब्दाला मराठी प्रतिशब्द कोणता द्यावा? 'तटवर्ती' हा शब्द हिंदीत चालतो. पण मराठी कानाला तट म्हटले की किल्ल्याचा तटही आठवतो. 'किनारी' म्हटले की समुद्र डोळ्यांपुढे येतो. आणि समुद्रकाठासाठी इंग्रजीत 'लिटोरल' हा निराळाच शब्द आहे, तो येथे चालणार नाही. नदीच्या प्रवाहाने घडलेले ते 'फ्लुव्हियल', नदीचे म्हणून जे जे ते 'रिव्हराइन'. त्यांचीही गल्लत होता कामा नये. 'तीरस्थ' हा शब्द नेटका आहे, पण तो पोथीतून उठून आल्यासारखा वाटतो. माझे मत असे की, एकच शब्द सर्वत्र लावण्याचा हट्ट धरू नये. झाडांविषयी बोलताना 'काठचा' म्हणावे. राज्यांविषयी बोलताना 'खोऱ्यातले' म्हणावे. आणि हक्काविषयी बोलताना 'नदीला लागून जमीन असलेला' असे लांबलचक पण स्वच्छ लिहावे. १८८२ च्या अधिनियमातील उदाहरणातही, पाहा, 'प्रवाहाला लागून असलेल्या जमिनीचा मालक' असेच शब्द आहेत. ज्याला कागद वाचावयाचा आहे त्याला निदान एवढे तरी कळावे की आपण नेमके कशात बसत नाही.

आमच्या शेतकऱ्याच्या अर्जाचे पुढे काय झाले, हे आपण विचाराल. आम्ही तो अर्ज बाजूला ठेवला आणि नवा लिहिला. इंग्रजीत नव्हे, हिंदीत, कारण तहसील किरनापूरचे. मध्य प्रदेशाच्या भू-राजस्व संहितेत एकशे एकतिसावे कलम आहे. शेतकऱ्याने पाणी कोठून घ्यावे आणि कोणत्या वाटेने न्यावे यावर वाद उत्पन्न झाला तर तहसीलदाराने जागेवर चौकशी करावी, पूर्वीची चाल काय होती ते पाहावे, सर्वांच्या सोयीचा विचार करावा आणि निर्णय द्यावा, असे ते सांगते. मधल्या पट्टीतून पूर्वी मातीचा पाट होता का, असे मी विचारले. ते म्हणाले, होता. दोन्ही घरांचे आजे मिळून तो उन्हाळ्यात साफ करीत. मोटार-पंप आले आणि पाट बुजला. पाटाची खूण अजून आहे काय? आहे, बांधावर करंजाची जुनी रांग आहे, ती त्याच पाटाच्या कडेची.

नव्या अर्जात आम्ही ती करंजाची रांग लिहिली, पाट साफ करण्याची चाल लिहिली, आणि पट्टीच्या मालकाने सही करण्याचे कबूल केले. अर्ज दीड पानाचा झाला. पावसाळ्यापूर्वी जागेची पाहणी व्हावी, अशी विनंती शेवटी जोडली आहे.